उपवासाची हंडी : वाटाण्याच्या सुपाची कुळकथा

'सूप' म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर उपाहारगृहातील मेज, पांढरी खोलगट बशी आणि चमचा उभा राहतो. हा पदार्थ गोऱ्या साहेबाबरोबर आगबोटीने आला असावा, असे आपण गृहीत धरतो. संस्कृत शब्दकोश उघडला म्हणजे निराळीच हकीकत हाती लागते. 'सूप' म्हणजे डाळ शिजवून केलेले पातळ कालवण आणि 'सूपकार' म्हणजे आचारी, असे अर्थ तेथे दिलेले आहेत. फ्रेंच आणि इंग्रजी भाषांतील 'सूप' या शब्दाचे मूळ मात्र जर्मानिक आहे. रश्शात भिजवलेला पावाचा तुकडा, हा त्याचा जुना अर्थ. या दोन शब्दांचे रक्ताचे नाते नाही, तरी दोघांचा संसार एकाच चुलीवर झाला. एकीकडे डाळ आणि दुसरीकडे पाव अशी जोडी जमली की जे पोटभरीचे अन्न तयार होते, त्या वाटाण्याच्या डाळीच्या आणि भाज्यांच्या घट्ट सुपाची कुळकथा आम्ही येथे मांडत आहोत.

ही कथा सांगण्यामागे आमचा एक हेतू आहे. पवित्र शास्त्रात डाळ-भाजीच्या साध्या जेवणाशी निगडित असे दोन प्रसंग आहेत. उत्पत्तीच्या पुस्तकाच्या पंचविसाव्या अध्यायात रानातून दमून आलेला एसाव मसुरीच्या लाल कालवणासाठी आपला ज्येष्ठत्वाचा हक्क धाकट्या भावाला विकून टाकतो. दानिएलच्या पुस्तकाच्या पहिल्या अध्यायात बाबेलच्या राजवाड्यातील चार यहुदी तरुण राजाच्या पंक्तीतले मिष्टान्न व द्राक्षारस नाकारून दहा दिवस केवळ भाजीपाला आणि पाणी यांवर राहतात. तेथे वापरलेल्या मूळ हिब्रू शब्दाचा अर्थ 'पेरून उगवलेले' असा असल्याने अनेक भाषांतरकारांनी त्यात कडधान्यांचाही समावेश केला आहे. एकाने वाडगाभर कालवणासाठी आपला वारसा गमावला, दुसऱ्यांनी तशाच साध्या अन्नाच्या आधारे तो जपला. युरोपातील वाटाण्याच्या सुपाचा इतिहास या दोन प्रसंगांच्या मधोमध घडलेला आहे, असे आम्हांस वाटते.

वाटाणा हे माणसाने लागवडीखाली आणलेल्या सर्वांत जुन्या पिकांपैकी एक होय. सुमारे दहा हजार वर्षांपूर्वी पश्चिम आशियातील सुपीक पट्ट्यात गहू, जव, मसूर आणि हरभरा यांच्या सोबतीने तो पेरला जाऊ लागला. पुढे तो ग्रीस व रोमपर्यंत पोहोचला. इ. स. पूर्व ४१४ मध्ये अथेन्सच्या रंगभूमीवर आलेल्या अ‍ॅरिस्टोफेनीसच्या 'पक्षी' या प्रहसनात मालकाला डाळीचे घट्ट सूप हवे झाले की पळी आणि भांडे आणायला धावणारा एक सेवक आहे. अपिकियसच्या नावाने प्रसिद्ध असलेल्या रोमन पाकग्रंथात वाटाण्याच्या अनेक कृती दिल्या आहेत. आज आपण सोलून कोवळे खातो तो मटार फार पुढच्या काळात लोकप्रिय झाला. शतकानुशतके वाटाणा म्हणजे शेतातच पिकवून, वाळवून, कणगीत साठवलेले धान्य होते. ओले पीक आठवडाभर टिकते, वाळलेले वर्षभर पुरते. आणि ज्यांच्या घरी हिवाळा लांब असतो त्यांना या फरकाचे मोल चांगले कळते.

या वाळलेल्या वाटाण्याला ख्रिस्ती युरोपच्या चुलीवर मानाचे स्थान मिळवून दिले ते उपवासाने. सहाव्या शतकात संत बेनेडिक्ट यांनी आपल्या मठवासीयांसाठी जो नियम लिहिला, त्याच्या एकोणचाळिसाव्या अध्यायात रोजच्या भोजनात दोन शिजवलेले पदार्थ असावेत, जेणेकरून एक न रुचणाऱ्याला दुसरा घेता यावा, अशी ममताळू सूचना आहे. अशक्त आजाऱ्यांखेरीज कोणीही चतुष्पाद प्राण्याचे मांस खाऊ नये, असेही त्यात बजावलेले आहे. मांस वर्ज्य झाल्यावर डाळी, कडधान्ये व भाज्या यांच्यावरच मठाचा स्वयंपाक उभा राहणार हे ओघानेच आले. त्याच नियमाचा पस्तिसावा अध्याय आम्हांला अधिक महत्त्वाचा वाटतो. सर्व बंधूंनी आळीपाळीने स्वयंपाकघरातील सेवा करावी आणि आठवडा संपताना सेवेतून मोकळा होणाऱ्याने व नव्याने सेवेत येणाऱ्याने सर्वांचे पाय धुवावेत, असे तेथे सांगितले आहे. वाढणारा आणि जेवणारा यांच्यात उच्चनीच राहू नये, ही त्यामागची दृष्टी.

मठाबाहेरील प्रापंचिकांनाही मध्ययुगात प्रायश्चित्तकाळाचे चाळीस दिवस मांस चालत नसे, आणि अनेक प्रदेशांत दूध, लोणी व अंडीही चालत नसत. मग सुपाला चव व दाटपणा कशाने आणायचा? उत्तर होते वाटाणा. वाटाणे शिजवून त्यांचे जे दाट पाणी निघे तेच उपवासाच्या दिवसांत मांसाच्या रश्शाऐवजी इतर पदार्थांचा पाया म्हणून वापरीत. १३९३ च्या सुमारास पॅरिसमधील एका वयस्क गृहस्थाने आपल्या पंधरा वर्षांच्या नववधूसाठी संसाराचे मार्गदर्शन करणारा एक ग्रंथ लिहिला. 'ल मेनाझिए द पारी' या नावाने तो ओळखला जातो. जुने वाटाणे शिजवताना त्या त्या गावच्या पाण्याचा गुण तेथील माणसांना विचारून घ्यावा, कारण पॅरिसमध्ये विहिरीच्या पाण्यात वाटाणे शिजत नाहीत, असा सल्ला त्यात आहे. वसईच्या किंवा कोकण किनाऱ्यावरील ज्या गृहिणींनी मचूळ विहिरीच्या पाण्यात तूरडाळ तासन्‌तास रटरटत ठेवली आहे, त्यांना सहाशे वर्षांपूर्वीच्या या गृहस्थाचे म्हणणे तात्काळ पटेल. जड पाण्यातील चुन्याचा अंश दाण्याच्या पेशींना बांधून ठेवतो व दाणा मऊ होत नाही, हे कारण पुढे रसायनशास्त्राने सांगितले.

उपवास संपला तरी उपवासाचे अन्न कसे मागे उरते, याचे उदाहरण स्वीडनमध्ये पाहावयास मिळते. तेथे गुरुवारी पिवळ्या वाटाण्याचे सूप आणि त्यानंतर गोड धिरडी खाण्याची प्रथा आजही घरांत, शाळांत व लष्करी भोजनालयांत आढळते. शुक्रवारी उपास, म्हणून आदल्या दिवशी डुकराच्या मांसासह पोटभर सूप घ्यावे, असे या प्रथेचे मूळ सांगितले जाते. १५२७ साली व्हेस्टेरोस येथील सभेनंतर स्वीडन रोमपासून दूर गेला, शुक्रवारचा उपासही यथावकाश मागे पडला, पण गुरुवारचे सूप राहिले. शेजारच्या फिनलंडमध्येही तीच रीत आहे. तेथील इतिहासात या सुपाला एक काळी किनारही आहे. पदच्युत राजा चौदावा एरिक १५७७ मध्ये बंदिवासात मरण पावला. त्याला वाटाण्याच्या सुपातून विष दिले गेले, असे परंपरा सांगते. १९५८ साली त्याचे अवशेष तपासले असता त्यांत सोमल मोठ्या प्रमाणात आढळला. विष कोणत्या पदार्थातून गेले हे हाडे सांगू शकत नाहीत, परंतु ज्या वाडग्यावर सर्वांचा विश्वास त्याच वाडग्याशी लोकांनी या घाताची सांगड घातली, हे लक्षणीय आहे.

वाळलेला वाटाणा टिकाऊ, म्हणून प्रवासीही. अठराव्या शतकातील ब्रिटिश नौदलात प्रत्येक खलाशाला आठवड्यातून चार दिवस अर्धा पाइंट वाटाणा ठरलेला होता. फ्रेंच वसाहतकऱ्यांबरोबर तो कॅनडातील क्वेबेकला पोहोचला व तेथील पिवळ्या वाटाण्याचे सूप घरोघरचे अन्न झाले. आज कॅनडा हा वाटाणा पिकवणाऱ्या प्रमुख देशांपैकी एक असून तेथला पिवळा वाटाणा आपल्याकडील बाजारांतही येत असतो. १८६७ साली बर्लिनमधील योहान हाइनरिश ग्रुनेबेर्ग या आचाऱ्याने वाटाण्याचे पीठ, चरबी व मसाला एकत्र करून त्याची सुकी कांडी बनवली. गरम पाण्यात विरघळवली की सूप तयार. १८७० च्या फ्रान्सविरुद्धच्या युद्धात प्रशियाच्या सैनिकांना ती देण्यात आली, पुढे १८८९ पासून क्नोर कंपनीने ती विकली आणि २०१८ च्या अखेरीस तिचे उत्पादन थांबवले.

हिरवी डाळ आणि पिवळी डाळ, या दोन रंगांचे कोडे ज्यांनी उलगडले ते एक धर्मगुरूच होते, हे आपल्या वाचकांनी विसरू नये. ब्रनो येथील संत थॉमस मठातील ऑगस्टिनियन संन्यासी ग्रेगोर मेंडेल यांनी १८५६ ते १८६३ या काळात मठाच्या बागेत वाटाण्याच्या हजारो रोपांवर प्रयोग केले. पिवळ्या व हिरव्या दाण्यांच्या संकरातून निपजलेली पहिली पिढी सगळी पिवळी निघाली. त्यापुढील पिढीत ६,०२२ पिवळे आणि २,००१ हिरवे दाणे त्यांनी मोजले. तीनास एक या प्रमाणातून आनुवंशिकतेचा नियम त्यांनी मांडला. १८६६ मध्ये छापलेल्या त्यांच्या निबंधाची खरी कदर झाली ती १९०० साली, म्हणजे त्यांच्या निधनानंतर सोळा वर्षांनी. सुपात टाकण्यापूर्वी डाळ निवडताना आपल्या सुपलीत तेच दोन रंग असतात.

येथवरचा इतिहास स्वेच्छेने पत्करलेल्या साधेपणाचा व सोयीचा झाला. आता भुकेच्या इतिहासाकडे वळले पाहिजे. सतराव्या शतकात फ्रान्समध्ये यादवी माजली असताना संत व्हिन्सेंट डी पॉल व त्यांच्या सहकारी भगिनींनी पॅरिसमधील हजारो निराधारांना सूप पुरवले. अठराव्या शतकाच्या अखेरीस म्युनिकमध्ये बेंजामिन टॉमसन, म्हणजेच काउंट रम्फर्ड यांनी गरिबांच्या अन्नाला शास्त्राची जोड दिली. त्यांच्या प्रसिद्ध सुपात जव, वाळलेला वाटाणा, बटाटा, शिळ्या पावाचे तुकडे, मीठ आणि व्हिनेगर एवढेच असे. मंद आचेवर ते तीन तासांहून अधिक काळ शिजे. पाव शेवटी घालावा, म्हणजे तो चावावा लागतो आणि जेवणाचा आनंद लांबतो, असे त्यांनी लिहून ठेवले आहे. गरिबालाही जेवताना आनंद व्हावा, हा विचार त्या काळी सामान्य नव्हता. त्याच वेळी, लोकांच्या मनात बटाट्याविषयी अढी होती म्हणून तो गुपचूप सोलून, ओळखू येणार नाही इतका शिजवून सुपात मिसळण्यात आला, हेही त्यांनीच नोंदवले आहे. भले करायचे, पण ज्याचे भले करायचे त्याला न विचारता, या वृत्तीचा हा प्रारंभ म्हणता येईल.

त्या वृत्तीची परिणती आयर्लंडमध्ये दिसली. १८४५ पासून बटाट्याच्या पिकावर करपा पडला आणि बटाट्यावरच जगणारा तो कॅथलिक शेतमजुरांचा देश उपासमारीत लोटला गेला. १८४७ च्या उन्हाळ्यात सरकारी सूपकेंद्रांतून दररोज तीस लाखांहून अधिक लोकांना अन्न मिळत होते. त्या वर्षी एप्रिलमध्ये लंडनच्या रिफॉर्म क्लबचे विख्यात आचारी अलेक्सी स्वाये यांनी डब्लिनमध्ये नमुनेदार सूपगृह उघडले. घंटा वाजली की शंभर जणांची तुकडी आत जाई, साखळीने बांधलेल्या चमच्यांनी सूप पिई, पुन्हा घंटा वाजली की दुसरी तुकडी. उद्घाटनाच्या दिवशी प्रतिष्ठित मंडळींनी पाच शिलिंग देणगी भरून भुकेल्यांना जेवताना पाहिले, असे सांगितले जाते. पोट भरले, परंतु माणूस म्हणून मान उरला नाही. ही केंद्रेही शरद ऋतूपर्यंत बंद करण्यात आली. दुष्काळाच्या त्या वर्षांत सुमारे दहा लाख माणसे दगावली व तितक्याहून अधिक देश सोडून गेली.

याहून खोल जखम दुसऱ्याच गोष्टीने झाली. काही प्रॉटेस्टंट प्रचारसंस्थांनी सुपाबरोबर धर्मांतराची अट जोडली. शुक्रवारी मुद्दाम मांसाचे सूप वाढले जाई, अशी तक्रार लोकस्मृतीत राहिली आहे. ज्यांनी मुलांच्या भुकेपुढे हार मानली त्यांना 'सूप घेतलेले' हे नाव चिकटले, आणि त्यांच्या नातवंडांनाही तो टोमणा ऐकावा लागला. सत्याला धरून हेही नमूद केले पाहिजे की असे वागणारे थोडे होते. क्वेकर पंथीयांनी कोणतीही अट न घालता सूप वाटले, आणि अँग्लिकन धर्मगुरूंपैकी अनेक जण कॅथलिकांची सेवा करता करता तापाच्या साथीत मरण पावले. तथापि अट घालणाऱ्या मोजक्या हातांनी एका साऱ्या पिढीला एसावाच्या जागी बसवले. भुकेल्या माणसाने वारसा विकला म्हणून त्याला दोष देणे सोपे असते. भरल्या टोपाजवळ बसून सौदा करणाऱ्या याकोबाकडे आपले लक्ष कमी जाते.

हा विषय आपल्याला परका नाही. विहिरीत पाव टाकून गावेच्या गावे बाटवली, ही दंतकथा वसईपासून गोव्यापर्यंत पिढ्यान्‌पिढ्या सांगितली गेली आहे. श्रद्धेची किंमत पावाच्या तुकड्याएवढी ठरवणारा हा टोमणा आपल्या पूर्वजांनी सोसला. म्हणूनच अन्नदानाच्या प्रसंगी आपण इतरांहून अधिक जपून वागले पाहिजे. नाताळात किंवा पुराच्या वेळी धान्याची पिशवी देताना छायाचित्रासाठी घेणाऱ्याला उभे करणे, मदतीच्या रांगेत नावे मोठ्याने पुकारणे, 'आम्ही तुम्हांला दिले' याची वर्षभर आठवण देणे, ही सारी त्या साखळीने बांधलेल्या चमच्याचीच भावंडे होत. १८३३ साली पॅरिसमध्ये फ्रेडरिक ओझानम व त्यांच्या मित्रांनी स्थापन केलेल्या आणि आज आपल्या अनेक धर्मग्रामांत कार्यरत असलेल्या सेंट व्हिन्सेंट डी पॉल सोसायटीने गरजवंताला रांगेत न बोलावता त्याच्या घरी जाऊन भेटण्याचा पायंडा पाडला, त्यामागील शहाणपण यावरून ध्यानी यावे.

उपवासाची हंडी आणि दानाची हंडी या मुळात दोन नव्हत्याच. दुसऱ्या शतकात रोममध्ये रचलेल्या 'हर्मासचा मेंढपाळ' या ग्रंथात उपवासाची रीत सांगितली आहे: त्या दिवशी न खाल्लेल्या अन्नाची किंमत मोजावी आणि ती विधवेला, अनाथाला किंवा गरजवंताला द्यावी. स्वतःच्या पानातून काढून दिलेल्या अन्नाला अट घालावीशी वाटत नाही, कारण देणारा त्या दिवशी स्वतःही थोडा भुकेला असतो. १९६६ साली पोप पॉल सहावे यांनी उपवासाचे नियम सुटसुटीत केले, ते भक्तांनी प्रेमाने व विवेकाने प्रायश्चित्त करावे म्हणून. नियम सैल झाले, हंडी मात्र आपणच चुलीवर चढवावयाची आहे.

म्हणून ज्या कुटुंबांना शुक्रवारी हे सूप करून पाहावेसे वाटेल त्यांच्यासाठी कृती देतो. सहा माणसांसाठी पाव किलो वाटाण्याची डाळ, हिरवी किंवा पिवळी, निवडून धुऊन घ्यावी. सालासकटचा अख्खा वाटाणा रात्रभर भिजवावा लागतो. साल काढून दोन दले वेगळी केलेल्या डाळीला त्याची गरज नाही. जाड बुडाच्या टोपात दोन चमचे तेलावर एक मोठा चिरलेला कांदा व चार पाकळ्या लसूण मऊ होईपर्यंत परतावे. त्यात डाळ, दीड लिटर पाणी व एक तमालपत्र घालून उकळी आणावी, वर येणारा फेस काढून टाकावा आणि आच मंद करून पाऊण तास ते तासभर शिजू द्यावे. अधूनमधून ढवळत राहावे, कारण ही डाळ बुडाला लवकर लागते. दाणा मोडू लागला की दोन गाजरे, एक बटाटा, मूठभर कांद्याची पात आणि मिळाल्यास सेलरीचा एक देठ, सारे बारीक चिरून घालावे व आणखी वीस-पंचवीस मिनिटे शिजवावे. मीठ व कुटलेली मिरी शेवटी. लिंबू किंवा टोमॅटो आधी घालू नये. आंबटपणामुळे डाळ शिजण्यास वेळ लागतो. प्रेशर कुकर वापरल्यास तो अर्ध्याहून अधिक भरू नये, कारण फेस शिटीत अडकतो. दुसऱ्या दिवशी सूप थिजून घट्ट होते, तेव्हा गरम पाणी घालून सैल करावे.

सोबत पाव किंवा भाकरी असावी. डाळीत प्रथिने भरपूर, मात्र त्यांत जे एक घटकद्रव्य कमी असते ते धान्यात मिळते आणि धान्यात कमी असलेले डाळीत. आपल्या वरण-भाताच्या जोडीमागेही हेच गणित आहे. सूप होत आले की त्या दिवशी मासळी-मटणाचे किती पैसे वाचले याचा हिशेब घरातील मुलांना करायला सांगावा, आणि ती रक्कम कोणाला द्यायची हेही त्यांनाच ठरवू द्यावे. मात्र ती देताना घेणाऱ्याच्या दारी जावे, चार शब्द बोलावेत, आणि त्याने चहा पुढे केला तर तो आनंदाने घ्यावा.